युद्धकाळी कायद्याचे स्थान : डॉ. आंबेडकरांच्या विचारांचा परिचय

युद्धाच्या गदारोळात कायद्याचा आवाज कोणास ऐकू येत नाही, अशी समजूत प्राचीन रोमन लोकांच्या काळापासून चालत आली आहे. घराला आग लागली असता बादली कोणाची व विहीर कोणाची हे कोणी विचारीत बसत नाही. तद्वत् देशावर शत्रू चालून आला असता सरकारने काय करावे व काय करू नये याची चर्चा व्यर्थ होय, असे पुष्कळांस वाटते. याच्या उलट, युद्धालाही कायदा असतो असे सांगणारे पंडितही प्रत्येक युगात झाले. हॉलंड देशाच्या ह्यूगो ग्रोशियस याने १६२५ साली युद्ध व शांतता यांच्या कायद्यावर जो ग्रंथ प्रसिद्ध केला, त्यावरून त्यास आंतरराष्ट्रीय कायद्याचा एक जनक मानितात. आपल्याकडील धर्मशास्त्रकारांनीही शरण आलेल्यास व निःशस्त्रास मारू नये असे नियम घालून दिले होते. महामहोपाध्याय पांडुरंग वामन काणे यांनी आपल्या धर्मशास्त्राच्या इतिहासाच्या १९४६ साली प्रसिद्ध झालेल्या तिसऱ्या खंडात राजधर्माचे विवेचन करताना या विषयाचा साक्षेपाने परामर्श घेतला आहे.

परंतु आमच्या विद्यार्थिमित्रांपुढे आज आम्ही जो प्रश्न मांडू इच्छितो, तो रणांगणावरील नियमांचा नव्हे. देश संकटात असताना राज्यकर्त्यांच्या हाती सत्ता किती द्यावी, ती कोणत्या अटींवर द्यावी, आणि संकट टळल्यावर ती परत कशी घ्यावी, हा तो प्रश्न होय. या प्रश्नाचा विचार ज्यांनी आयुष्यभर केला आणि ज्यांच्यावर त्याचे उत्तर कायद्याच्या भाषेत लिहिण्याची जबाबदारी येऊन पडली, असे महाराष्ट्रातील विधिपंडित म्हणजे डॉ. भीमराव रामजी आंबेडकर. राज्यघटनेचे शिल्पकार व दलितांचे उद्धारकर्ते म्हणून त्यांचे नाव घरोघर ठाऊक आहे. मात्र युद्ध, सैन्य व राष्ट्ररक्षण या विषयांवर त्यांनी किती व काय लिहिले, हे शाळेच्या पुस्तकांत फारसे येत नाही. म्हणून त्याच अंगाचा परिचय करून देण्याचे आम्ही योजिले आहे.

सैन्याशी त्यांचा संबंध जन्मापासूनचा होता. १४ एप्रिल १८९१ रोजी त्यांचा जन्म झाला तो महू येथील लष्करी छावणीत. त्यांचे वडील रामजी सकपाळ हे लष्करी शाळेतील शिक्षक असून सुभेदाराच्या हुद्द्यापर्यंत चढले होते. आजोबाही पलटणीत होते. मुंबई इलाख्याच्या सैन्यात महार शिपायांची परंपरा जुनी होती. १ जानेवारी १८१८ रोजी भीमेकाठी कोरेगाव येथे जी लढाई झाली, तिच्या स्मारकस्तंभावर अशा शिपायांची नावे कोरलेली आहेत. असे असूनही डॉ. आंबेडकर लहान असतानाच, म्हणजे १८९२-९३ च्या सुमारास, इंग्रज सरकारने काही जाती लढवय्या व काही बिनलढवय्या असा भेद ठरवून महारांची भरती बंद केली. पहिल्या महायुद्धात माणसांची टंचाई पडताच १११ महार ही पलटण उभारण्यात आली, आणि युद्ध संपल्यावर १९२१ साली ती मोडण्यातही आली. गरज असेल तेव्हा शिपाई आणि गरज सरली की अस्पृश्य, हा न्याय त्यांनी पुस्तकात वाचला नव्हता. तो स्वतःच्या समाजाच्या वाट्याला आलेला त्यांनी पाहिला होता.

मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजातून बी. ए. झाल्यावर बडोदे संस्थानची शिष्यवृत्ती मिळून ते १९१३ साली अमेरिकेतील कोलंबिया विद्यापीठात गेले. तेथून १९१६ साली लंडनला जाऊन त्यांनी अर्थशास्त्राचा व ग्रेज इन येथे कायद्याचा अभ्यास आरंभिला. त्या वेळी युरोपात महायुद्ध पेटलेले होते. शिष्यवृत्तीची मुदत संपल्यामुळे १९१७ साली त्यांस परतावे लागले, तेव्हा निराळ्या बोटीने पाठविलेला त्यांचा ग्रंथसंग्रह, ती बोट पाणतीराने बुडविल्यामुळे समुद्राच्या तळाशी गेला. करारानुसार त्यांनी बडोद्यास नोकरी पतकरली. हुद्दा होता महाराजांच्या लष्करी सचिवाचा. परंतु एवढ्या मोठ्या हुद्द्यावरील या विद्वानास त्या शहरात जातीच्या कारणाने राहावयास जागा मिळेना, आणि थोड्याच दिवसांत ते मुंबईस परत आले. राज्याच्या रक्षणाचे काम ज्याच्याकडे सोपवावयाचे, त्यासच डोक्यावर छप्पर नाकारावयाचे, या विसंगतीचा अर्थ त्यांच्या पुढील लेखनात पुनःपुन्हा उमटलेला दिसतो.

युद्धासंबंधी त्यांचे पहिले उल्लेखनीय लेखन याच सुमाराचे आहे. इंग्रज तत्त्ववेत्ते बर्ट्रांड रसेल यांनी महायुद्धाच्या ऐन धुमश्चक्रीत समाजाच्या पुनर्रचनेवर एक पुस्तक लिहिले होते. त्याचे परीक्षण डॉ. आंबेडकरांनी १९१८ साली एका अर्थशास्त्रीय नियतकालिकात प्रसिद्ध केले. रसेल हे युद्धाचे कट्टर विरोधक. म्हणून भारतीय वाचक त्यांस निष्क्रियतेचे पुरस्कर्ते समजतील, अशी शंका परीक्षणकारास आली. म्हणून त्यांनी स्पष्ट केले की, युद्ध नको याचा अर्थ माणसाने हातपाय गाळून बसावे असा नव्हे. मनुष्याच्या अंगी जे बळ असते ते दडपून टाकता येत नाही व टाकूही नये. त्यास विधायक वळण लावावे. कोलंबियातील आपले गुरू प्राध्यापक जॉन ड्यूई यांच्या विवेचनाचा आधार घेऊन त्यांनी बळाचे दोन प्रकार सांगितले. तेच बळ उभारणीच्या कामी लागले तर ती शक्ती, आणि विध्वंसाच्या कामी लागले तर तो अत्याचार. नदीचे पाणी पाटातून वाहिले तर केळीची बाग फुलते, आणि तेच बांध फोडून आले तर बाग वाहून जाते. असा दृष्टांत आपल्या रावेरकडील वाचकांसाठी आम्ही देऊ. बळ असू नये असे त्यांनी कधीच म्हटले नाही. बळाला पाट असावा, एवढेच त्यांचे म्हणणे. हा पाट म्हणजेच कायदा, हे पुढे त्यांनी घटनेत करून दाखविले.

पुन्हा विलायतेस जाऊन अर्थशास्त्रातील पदव्या व बॅरिस्टरी संपादून ते १९२३ साली मुंबईस आले आणि हायकोर्टात वकिली करू लागले. १९३५ ते १९३८ या काळात ते मुंबईच्या सरकारी लॉ कॉलेजचे प्राचार्य होते. विद्यार्थ्यांसाठी काढलेल्या त्यांच्या कायद्यावरील टिपणांपैकी काही आज महाराष्ट्र शासनाने प्रसिद्ध केलेल्या त्यांच्या समग्र वाङ्मयात वाचावयास मिळतात. वकिलीच्या निमित्ताने त्यांचे पाय आपल्या खानदेशासही लागले. १९३७ सालच्या जुलैअखेरीस एका खटल्यासाठी ते धुळ्यास आले असता लळिंगच्या किल्ल्याजवळील लांडोर बंगल्यात त्यांचा मुक्काम होता, आणि त्या आठवणीने दरसाल ३१ जुलै रोजी तेथे लोक जमतात.

वकिली व अध्यापन चालू असता सैन्यभरतीचा प्रश्न त्यांनी सोडला नाही. १ जानेवारी १९२७ रोजी ते कोरेगावच्या स्तंभास गेले. १९३०-३१ च्या पहिल्या गोलमेज परिषदेत संरक्षणविषयक उपसमितीत बसून, योग्यता असलेल्या प्रत्येक हिंदी माणसास सैन्याचे दार मोकळे असावे, असा आग्रह त्यांनी धरला. १९४१ साली ते राष्ट्रीय संरक्षण मंडळाचे सभासद झाले आणि त्याच वर्षी १ ऑक्टोबर रोजी बेळगाव येथे महार रेजिमेंटची पहिली पलटण उभी राहिली. यात केवळ आपल्या जातीच्या चार लोकांस नोकरी लागावी हा हेतू नव्हता. देशाचे सैन्य हे सर्व देशाचे असावे, मोजक्या समाजांचे असू नये, हे त्यामागील तत्त्व होते.

आता त्यांच्या दोन मोठ्या लेखनकृतींकडे वळू. पहिली म्हणजे पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेत १९३९ च्या जानेवारीत दिलेले संघराज्य व स्वातंत्र्य या विषयावरील व्याख्यान. १९३५ च्या कायद्याने हिंदुस्थानास जे संघराज्य देऊ केले होते, त्याची या व्याख्यानात त्यांनी कलमवार चिरफाड केली. त्या कायद्यात संरक्षण व परराष्ट्रव्यवहार ही खाती गव्हर्नर जनरलच्या खास हाती राखून ठेविलेली होती. लोकांनी निवडलेल्या मंत्र्यांस त्यांत हात घालावयास जागा नव्हती. सैन्य ज्याच्या आज्ञेत, राज्य त्याचे. तेव्हा सैन्यावर लोकप्रतिनिधींचा ताबा नसलेल्या राज्यास स्वतंत्र म्हणता येत नाही, हे त्यांनी विधिज्ञाच्या काटेकोरपणाने दाखविले.

दुसरी कृती म्हणजे १९४० च्या अखेरीस प्रसिद्ध झालेला पाकिस्तानविषयक ग्रंथ. त्याची वाढविलेली आवृत्ती पुढे १९४५ साली निघाली. फाळणीचा प्रश्न तेव्हा नुकताच पुढे आला होता व त्यावर भावनेच्या भरात बोलणारे लोक दोन्ही बाजूंस होते. डॉ. आंबेडकरांनी मात्र न्यायाधीशापुढे मांडावा तसा दोन्ही पक्षांचा पुरावा मांडला. फाळणी झाल्यास देशाचे संरक्षण दुबळे होईल काय, या प्रश्नास त्यांनी एक संपूर्ण प्रकरण दिले आणि त्याचे तीन भाग पाडले: सरहद्द, साधनसंपत्ती व सैन्य. डोंगरांची नैसर्गिक सरहद्द हातची गेली तर देश उघडा पडेल, या आक्षेपास त्यांचे उत्तर असे की, आधुनिक शस्त्रांच्या युगात कोणताच डोंगर अभेद्य राहिलेला नाही. साधनांच्या बाबतीत त्यांनी निरनिराळ्या प्रांतांच्या उत्पन्नाचे आकडेच पुढे ठेविले. आणि सैन्याविषयी त्यांचा निष्कर्ष असा की, भरवशाची सरहद्द व भरवशाचे सैन्य यांतून एकच निवडावयाचे झाले तर शहाण्याने सैन्य निवडावे.

या विवेचनाच्या ओघात लढवय्या जातींच्या कल्पनेचे त्यांनी जे खंडन केले आहे, ते विद्यार्थ्यांनी अवश्य समजून घ्यावे. त्या वेळच्या सैन्यात वायव्येकडील भागांतील शिपायांचा भरणा फार होता. तो त्यांच्या रक्तातील शौर्यामुळे नव्हे, तर १८५७ च्या उठावानंतर सरकारने आखलेल्या भरतीच्या धोरणामुळे, हे त्यांनी सरकारी लष्करी समितीच्याच कागदांवरून सिद्ध केले. याचे प्रत्यंतर खानदेशातही सापडते. ज्या भिल्लांस सरकारी दप्तरात केवळ लुटारू म्हणून नोंदविले जाई, त्यांचीच पलटण जेम्स आउट्रमने १८२५ साली धरणगाव येथे उभारली आणि तिने चाकरी उत्तम बजाविली. लढवय्या कोण हे जन्म ठरवीत नाही. संधी, शिक्षण व विश्वास ही ठरवितात. या ग्रंथातील फाळणीविषयीच्या व निरनिराळ्या समाजांच्या निष्ठेविषयीच्या निष्कर्षांसंबंधी तेव्हाही मतभेद होता व आजही आहे. परंतु राष्ट्ररक्षणासारख्या विषयाचा विचार घोषणांनी न करता आकडे, दप्तर व तर्क यांनी करावा, हा त्यातील वस्तुपाठ मतभेद असणारासही घेता येतो.

दुसऱ्या महायुद्धात, जुलै १९४२ पासून १९४६ पर्यंत, ते व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री होते. आता त्यांस युद्धकाळची सत्ता स्वतः वापरावी लागली. १९४२ च्या नोव्हेंबरमध्ये मुंबई रेडिओवरून त्यांनी जे भाषण केले, त्यात कामगारांनी हे युद्ध आपले का मानावे याची मीमांसा होती. नाझींच्या राज्यात वंशावरून माणसाची किंमत ठरते. तो विचार जिंकला तर जगातील कष्टकऱ्यांस स्वातंत्र्य उरणार नाही. पण शत्रूस जिंकणे एवढ्यानेच काम संपत नाही. युद्धानंतर स्वातंत्र्य, समता व बंधुता यांवर आधारलेली नवी व्यवस्था आली नाही तर विजय पोकळ ठरेल, असा त्यांचा आशय होता. युद्ध नको म्हणून अन्यायापुढे मान तुकविणे याला ते शांतता म्हणावयास तयार नव्हते.

या काळातील एक प्रसंग कठीण आहे, म्हणूनच तो सांगण्यासारखा आहे. कोळशाच्या खाणीत जमिनीखाली स्त्रियांनी काम करू नये अशी बंदी पूर्वी घालण्यात आली होती. युद्धात कोळशाचा तुटवडा पडल्यामुळे १९४३ साली सरकारने ती उठविली. १९४४ च्या फेब्रुवारीत कायदेमंडळात यावरून सरकारवर कडक टीका झाली, आणि उत्तर देण्याची पाळी मजूरमंत्र्यांवर आली. हा उपाय संकटापुरता आहे, कायमचा नाही, आणि खाणीत स्त्रीस पुरुषाइतकीच मजुरी मिळेल, असे त्यांनी सभागृहास सांगितले. युद्धानंतर १९४६ साली बंदी पुन्हा लागू झाली. हा निर्णय योग्य होता की अयोग्य, याविषयी आमच्या वाचकांत दुमत असू शकेल. परंतु संकटकाळच्या अपवादास मुदत असावी व त्याची किंमत दुर्बळाच्या एकट्याच्या माथी मारू नये, हा दंडक त्यांनी राज्यकर्त्याच्या जागी असतानाही मान्य केला होता, हे यातून दिसते.

२९ ऑगस्ट १९४७ रोजी घटना समितीने मसुदा समिती नेमिली व डॉ. आंबेडकर तिचे अध्यक्ष झाले. देशाची फाळणी होऊन रक्तपात चालू होता, लाखो निर्वासित येत होते आणि थोड्याच आठवड्यांत काश्मीरचे युद्ध पेटले. अशा काळात घटना लिहिणाराने सरकारास दुबळे ठेविले असते तर देश टिकला नसता, आणि सरकारास बेलगाम केले असते तर स्वातंत्र्य टिकले नसते. ही दुहेरी अडचण त्यांनी कशी सोडविली ते पाहू.

४ नोव्हेंबर १९४८ रोजी मसुदा मांडताना त्यांनी त्याचे एक वैशिष्ट्य सांगितले. आपली घटना शांततेच्या काळी संघराज्याप्रमाणे चालते, म्हणजे केंद्र व राज्ये आपापले काम पाहतात. परंतु युद्धकाळी तीच घटना एकसूत्री होऊ शकते. असा पालट करण्यासाठी घटना मोडावी लागत नाही. तिच्यातच त्याची कळ बसविलेली आहे. ती कळ म्हणजे ३५२ वे कलम. मूळ कलमानुसार युद्ध, परकीय आक्रमण किंवा अंतर्गत अशांतता यांनी देशाची सुरक्षितता धोक्यात आल्यास राष्ट्रपतींनी आणीबाणीची घोषणा करावी. पण ती संसदेपुढे ठेवावी लागे, आणि दोन महिन्यांत दोन्ही सभागृहांनी मान्यता न दिल्यास ती आपोआप संपुष्टात येई. सैन्याचे सरसेनापतिपद राष्ट्रपतींकडे आहे. परंतु त्या अधिकाराचे नियमन कायद्याने व्हावे, असे ५३ वे कलम सांगते. म्हणजे तलवार दिली, पण म्यानावर संसदेची मोहोर ठेविली.

या योजनेवर घटना समितीत कडाडून टीका झाली. मध्यप्रांत व वऱ्हाडचे प्रतिनिधी हरि विष्णु कामत यांनी जर्मनीच्या वायमार घटनेचा दाखला दिला. तिच्या ४८ व्या कलमात अशीच आणीबाणीची सत्ता होती आणि तिच्याच वाटेने हुकूमशाही आली, असा त्यांचा इशारा होता. राज्यांच्या कारभारात केंद्राने हस्तक्षेप करण्याविषयीच्या कलमांवर बोलताना डॉ. आंबेडकरांनी या सत्तेचा दुरुपयोग होऊच शकणार नाही, असे म्हटले नाही. तसा संभव त्यांनी मान्य केला आणि ही कलमे वापरण्याचा प्रसंगच येऊ नये, अशी आशा प्रकट केली. टीकाकारांचे भय खोटे नव्हते, हे पुढे काळाने दाखविले.

दुरुपयोगास आळा घालण्याचे त्यांनी आणखीही यत्न केले. खटला न चालविता माणसास अटकेत ठेवण्याच्या पद्धतीस प्रतिबंधक स्थानबद्धता म्हणतात. ती घटनेतून काढून टाकण्याइतका काळ निवळला आहे असे त्यांस वाटले नाही. म्हणून १९४९ च्या सप्टेंबरमध्ये त्यांनी आज २२ वे असलेले कलम मांडले. सामान्य आरोपीस अटकेचे कारण सांगावे, वकिलाची भेट नाकारू नये व चोवीस तासांत त्यास न्यायदंडाधिकाऱ्यापुढे उभे करावे, असे ते कलम सांगते. स्थानबद्धासही कारणे कळवावीत आणि तीन महिन्यांहून अधिक काळ ठेवावयाचे तर न्यायाधीशांच्या पात्रतेच्या सल्लागार मंडळाने ते प्रकरण तपासावे, अशी सोय त्यात होती. सर्वोच्च न्यायालयाकडे थेट दाद मागण्याचा हक्क देणारे ३२ वे कलम तर त्यांच्या मते सबंध घटनेचा प्राण होते. आणि युद्धाची तयारी लिहिणाऱ्याच लेखणीने आंतरराष्ट्रीय शांततेस, राष्ट्राराष्ट्रांतील न्याय्य व सन्मानाच्या संबंधांस व आंतरराष्ट्रीय कायद्याच्या आदरास स्थान देणारे, आज ५१ वे असलेले कलमही समितीपुढे सुधारून मांडले.

मंत्रिपदाचा राजीनामा दिल्यावर ऑक्टोबर १९५१ मध्ये काढलेल्या निवेदनात त्यांनी संरक्षणखर्चाचा प्रश्न उपस्थित केला. वर्षाच्या सुमारे ३५० कोटी रुपये उत्पन्नापैकी सुमारे १८० कोटी रुपये सैन्यावर जातात. हा प्रचंड खर्च परराष्ट्रनीतीत मित्र न जोडल्याचे फळ आहे, असे त्यांचे म्हणणे होते. १९५४ च्या ऑगस्टमध्ये राज्यसभेत बोलताना त्यांनी चीनशी झालेल्या पंचशीलाच्या करारावर भिस्त ठेवू नये व तिबेट चीनच्या हाती गेल्याने आपली सरहद्द बदलली आहे, असा इशारा दिला. १९५५ साली भाषिक राज्यांवर लिहिलेल्या पुस्तकात दिल्ली सरहद्दीच्या फार जवळ असल्यामुळे हैदराबाद येथे दुसरी राजधानी असावी, असेही त्यांनी सुचविले. त्यांचे सर्वच अंदाज सर्वांस पटले नाहीत. परंतु १९६२ साली चीनचे आक्रमण झाले तेव्हा आठ वर्षांपूर्वीच्या त्या इशाऱ्याची अनेकांस आठवण झाली असेल. ते स्वतः मात्र ६ डिसेंबर १९५६ रोजी निवर्तले होते.

त्यांच्या कलमांची खरी परीक्षा त्यांच्या पश्चात झाली. २६ ऑक्टोबर १९६२ रोजी पहिली राष्ट्रीय आणीबाणी पुकारण्यात आली. प्रत्यक्ष युद्ध महिन्याभरात थांबले. आणीबाणी मात्र १९६८ च्या जानेवारीपर्यंत चालली. युद्ध संपले म्हणजे युद्धकाळची सत्ता आपोआप संपत नाही, हे या दोन तारखांतील अंतर कोणत्याही व्याख्यानापेक्षा स्पष्ट सांगते. त्या काळातील स्थानबद्धांचा प्रश्न १९६३ साली मखनसिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयापुढे आला. साताऱ्याचे सुपुत्र न्यायमूर्ती प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर यांनी बहुमताचा निकाल लिहिला. काही मूलभूत हक्कांसाठी आणीबाणीत न्यायालयाचे दार बंद झाले असले, तरी अटकेचा हुकूम दुष्ट हेतूने काढला असेल किंवा कायद्याच्या चौकटीबाहेर असेल तर त्यावर दाद मागता येईल, असे त्यात ठरले. दार लागले, पण खिडकी उघडी राहिली.

२५ जून १९७५ रोजी अंतर्गत अशांततेच्या कारणावरून पुन्हा आणीबाणी आली, आणि २८ एप्रिल १९७६ रोजी जबलपूर खटल्यात ती खिडकीही लागली. पाचांपैकी चार न्यायाधीशांनी, त्यांत पुण्याचे यशवंत विष्णु चंद्रचूड हेही होते, स्थानबद्धास न्यायालयात दाद मागता येणार नाही असा निकाल दिला. एकट्या न्यायमूर्ती हंसराज खन्ना यांनी भिन्न मत नोंदविले, आणि पुढे ज्येष्ठता असूनही सरन्यायाधीशपद त्यांस मिळाले नाही. आणीबाणी उठल्यावर १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने भिंतीतील भगदाडे बुजविली. अंतर्गत अशांतता हे मोघम कारण काढून सशस्त्र बंड हे शब्द घातले. मंत्रिमंडळाचा निर्णय लेखी असावा, संसदेची मान्यता विशेष बहुमताने व एका महिन्यात मिळावी, दर सहा महिन्यांनी ती नव्याने घ्यावी, असे ठरले. जीवित व व्यक्तिस्वातंत्र्य यांचे २१ वे कलम आणीबाणीतही स्थगित होऊ नये, असाही दंडक घातला. २४ ऑगस्ट २०१७ रोजी जबलपूरचा निकाल सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट शब्दांत रद्द ठरविला. आणि तसे लिहिणारे न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड हे त्याच यशवंत चंद्रचूडांचे चिरंजीव होते. पित्याने दिलेला निकाल पुत्राने फिरवावा व त्यात कोणाचाही अवमान होऊ नये, ही कायद्याच्या राज्याची थोरवी होय.

इतके असूनही, केवळ कलमांनी राष्ट्राचे रक्षण होते असे डॉ. आंबेडकर मानीत नसत. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी घटना समितीतील आपल्या अखेरच्या मोठ्या भाषणात त्यांनी देशाच्या इतिहासाची आठवण दिली. हिंदुस्थानने स्वातंत्र्य गमाविले ते पुष्कळदा शत्रूच्या बळामुळे नव्हे, तर आपल्याच माणसांच्या फितुरीमुळे. आणि जातीजातींत विभागलेल्या समाजात बंधुभाव रुजला नाही, तर मिळालेले स्वातंत्र्य पुन्हा जाऊ शकेल, हे त्यांचे भय होते. या म्हणण्याची साक्ष आमच्या रावेरकरांस दूर शोधावयास नको. बऱ्हाणपुरापलीकडे उभा असलेला असीरगड हा खानदेशच्या फारुकी राजांचा बळकट किल्ला. अकबराने १६०० साली त्यास वेढा घातला. मोगलांच्या तोफांस तो दाद देईना. अखेर १६०१ च्या जानेवारीत गड पडला तो कोंडलेल्या लोकांतील रोगराईने, आणि काही समकालीन वृत्तांत सांगतात त्याप्रमाणे, पैशाने फोडलेल्या आतल्या माणसांमुळे. त्याची तटबंदी आजही जाऊन पाहावी; ती पाहिल्यावर भिंतीपेक्षा भिंतीआडची माणसे महत्त्वाची असतात हे निराळे सांगावे लागणार नाही.

या सर्व विवेचनाचे तात्पर्य थोडक्यात असे. संकटकाळी राज्यास अधिक सत्ता लागते, हे डॉ. आंबेडकरांनी भाबडेपणाने नाकारले नाही. परंतु ती सत्ता लेखी असावी, तिला मुदत असावी, तिचा जाब लोकप्रतिनिधींस व न्यायालयास विचारता यावा, आणि जो समाज ती देतो त्यात बंधुभाव असावा, अशा चार अटी त्यांच्या लेखनातून व कार्यातून निघतात. पहिल्या तीन अटी पाळणे हे संसदेचे व न्यायाधीशांचे काम. चौथी मात्र शाळेच्या बाकावर, पंगतीत व गावच्या पाणवठ्यावर पाळावी लागते, आणि तिच्यासाठी कोणत्याही घोषणेची वाट पाहावी लागत नाही.

आमच्या विद्यार्थ्यांपैकी कोणी सैनिक होतील, कोणी वकील, कोणी शेतकरी. मतदार तर सर्वच होतील. देश संकटात आहे, आता प्रश्न विचारू नका, असे त्यांस केव्हातरी सांगितले जाईल. ते खरेही असेल. त्या दिवशी त्यांनी देशासाठी जे करावयाचे ते अवश्य करावे. पण त्याच वेळी ही सत्ता कोणत्या कायद्याने घेतली, ती कोणत्या तारखेस संपणार व तिचा हिशेब कोणापुढे मांडला जाणार, हे तीन साधे प्रश्न विचारावयास विसरू नये. पालकांनीही हे प्रश्न मुलांस उद्धटपणाचे न समजता नागरिकत्वाचे म्हणून शिकवावेत, अशी आमची विनंती आहे.